गोव्यात वन्यप्राणी बचावाच्या कामावर पोट भरता येतं का?

बारावी सायन्सनंतर साप पकडायला शिकून इथेच, गोव्यात, हे काम करिअर म्हणून करता येईल का, असं तुम्ही विचारलंय. करता येईल, पण साप पकडणं हा त्यातला छोटा भाग आहे. मी सत्तरी-डिचोली पट्ट्यात बरीच वर्षं हे करतोय आणि माझा जास्त वेळ बोलण्यात जातो.

पाऊस लागला की फोन सुरू. "भाऊ, न्हाणीत सोरोप आयला!" आधी लांबून काढलेला फोटो मागवायचा. बऱ्याचदा धामण नाहीतर दिवड निघते. चिऱ्यांच्या भेगा, परसातला लाकडांचा ढीग आणि कौलांखालचे उंदीर यांच्यामागे ती आलेली असते. तिला उचलून लांबच्या जंगलात सोडली तर तिथली बिळं, पाणी तिला ठाऊक नसतं, जगणं अवघड होतं. इकडे उंदीर आहेत तसेच, म्हणजे पुढच्या महिन्यात दुसरा साप हजर. म्हणून नाग, घोणस, मण्यार, फुरसं किंवा न ओळखता येणारा साप घरात असेल तर मी लगेच निघतो. बिनविषारी साप अंगणात असेल तर त्याला वाट मोकळी करा, ढीग हलवा, एवढंच सांगतो. हे पटवणं पकडण्यापेक्षा कठीण, कारण शेजारचे काका तोवर दांडा घेऊन उभे असतात.

उन्हाळ्यात पिल्लं येतात, खोक्यात घालून. पिसं फुटलेलं, जमिनीवर उड्या मारणारं बुलबुलाचं पिल्लू बहुधा अनाथ नसतंच. आईबाप जवळच्या झाडावरून त्याला भरवत असतात. उदमांजराच्या पिल्लाला मायेने गाईचं दूध पाजतात, त्याला जुलाब लागतात आणि मग जागरण आम्हाला. म्हणून मी शाळांत जातो. मुलं घरी जाऊन आजीला सुनावतात, ते पोस्टरपेक्षा जास्त चालतं.

अजगर गळ्यात घालून रील करणाऱ्यांकडे शिकायला जाऊ नका. १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात अजगर पहिल्या, म्हणजे सर्वांत कडक संरक्षणाच्या अनुसूचीत आहे. प्राणी हाताळायचा तर वनखात्याला कळवून, त्यांच्या परवानगीनेच.

पैशांचं खरं सांगायचं तर संस्थांतले पगार बेताचे. आमच्यातले कितीतरी जण दुसरी नोकरी सांभाळून हे करतात. उपचार करायचे असतील तर पशुवैद्यकाची पदवीच घ्या: 'नीट' ही प्रवेशपरीक्षा द्यायची, मग इंटर्नशिप धरून साडेपाच वर्षं, मुंबईला किंवा सातारा जिल्ह्यात शिरवळला. तेवढं नको असेल तर प्राणिशास्त्रात बीएस्सी करा आणि हिवाळ्यात मोरजी, आगोंद किंवा गालजीबागला कासवांच्या घरट्यांवर मदत करता येईल का, ते वनखात्याला विचारा. रात्रभर वाळूत बसून पर्यटकांना टॉर्च बंद करायला सांगणं जमलं, तर बाकीचं शिकवता येतं.

आणि माकड, वटवाघूळ किंवा उदमांजराला हात लावण्याआधी डॉक्टरांना विचारून रेबीजची प्रतिबंधक लस घेऊन ठेवा.