ज्येष्ठता यादीतला सत्तेचाळिसावा क्रमांक

सहकारी बँकांतील कर्मचारी माझ्याकडे येतात ते बहुधा झोपेची तक्रार घेऊन. दुसऱ्या-तिसऱ्या भेटीत पिशवीतून फाइल निघते. तिच्यात ज्येष्ठता यादी, वेतननिश्चितीचा तक्ता आणि न्यायालयाच्या तारखांची टिपणे असतात, आणि प्रश्न जवळजवळ शब्दशः एकच असतो : "मॅडम, केस लढू की सोडू? लढलो तर झोप जाते, सोडली तर मीच खोटा ठरतो." या प्रश्नाचे उत्तर मला ज्यांच्यामुळे नीट उमगले, त्या गृहस्थांविषयी, ओळख पटणार नाही इतके तपशील बदलून, लिहीत आहे.

2017 साली ते आले तेव्हा त्यांचे वय 49 होते आणि ते वरिष्ठ लिपिक होते. 1993 मध्ये एका मित्राच्या सहा दिवस आधी ते बँकेत रुजू झाले, पण परिविक्षेच्या, म्हणजे कायम होण्यापूर्वीच्या चाचणीच्या, काळात कावीळ झाल्याने त्यांची कायम होण्याची तारीख लांबली. 2008 मध्ये बँकेने त्या तारखेवरून यादी लावली. मित्र 31 वा आला आणि पुढे शाखाधिकारी झाला. हे 47 वे. एक वेतनवाढही मागे राहिली ती राहिलीच. बँक सहकारी म्हणून यांनी आधी सहकार न्यायालय गाठले आणि तिथे काही वर्षे घालवली. वास्तविक कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा वाद हा संस्थेच्या 'कामकाजाशी संबंधित' वाद नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1969 सालीच आंध्रातील मध्यवर्ती सहकारी बँकांच्या प्रकरणात सांगितले होते. परंतु बँक सहकारी म्हणजे दावा सहकार न्यायालयातच, हा गैरसमज इतका पक्का आहे, की औद्योगिक न्यायालयात उशिरा पोहोचलेली अशी अनेक माणसे मी पाहिली आहेत.

माणसाचा भूतकाळ खणत बसण्यापेक्षा तो आज स्वतःशी कोणते वाक्य बोलतो, ते मी ऐकते. यांचे वाक्य होते : "न्याय मिळालाच पाहिजे, नाहीतर चोवीस वर्षं फुकट गेली." असे बोलताना ते यादीची झेरॉक्स उघडत. घडीवर कागद फाटला होता, त्यावरची चिकटपट्टी पिवळी पडली होती, आणि 47 क्रमांकाखाली लाल शाईची रेघ इतक्या वेळा ओढलेली होती की तिथे कागदाला भोक पडायचेच बाकी होते.

चौथ्या भेटीत मी विचारले, "समजा, उद्या निकाल तुमच्या बाजूनं लागला. पहिला फोन कुणाला कराल?"

पत्नीचे किंवा वकिलांचे नाव येईल, अशी माझी अटकळ होती. ते बराच वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "त्याला."

"काय सांगाल?"

"की मी सहा दिवस आधी आलो होतो."

"हे त्यांना माहीत नाही?"

"माहीत आहे की! कावीळ झाली तेव्हा माझा रजेचा अर्ज त्यानंच नेऊन दिला होता."

"यादी त्यांनी लावली?"

"नाही हो, आस्थापना विभागानं." आणि जरा थांबून, स्वतःलाच सांगितल्यासारखे : "नऊ वर्षं बोललो नाही त्याच्याशी."

हा प्रश्न मला त्या दिवशी सुचला, याचे समाधान आजही वाटते. एकाच फाइलीत दोन दावे गुंतले होते. पगाराचा हिशेब हा ते आणि बँक यांच्यातला होता. क्रमांकाचे मात्र तसे नव्हते, कारण एकाला वर चढवायचे तर दुसऱ्याला खाली उतरवावे लागते. पुढे त्यांच्या वकिलांनीही हीच फोड करून सांगितली, तेव्हा मला गंमत वाटली. नियमानुसार नेमणूक झालेल्याची ज्येष्ठता नेमणुकीपासून मोजावी, कायम झाल्यापासून नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 1990 मध्ये महाराष्ट्रातील अभियंत्यांच्या प्रकरणात म्हटले होते. ते प्रकरण सरकारी सेवेतले असले, तरी यांचे म्हणणे निराधार नव्हते. पण सर्वोच्च न्यायालयाच्याच 2008 च्या तरसेम सिंग निकालाप्रमाणे, पगार किंवा निवृत्तिवेतनातील चूक दर महिन्याला नव्याने घडते, म्हणून उशिरा आलेल्यालाही साधारण मागच्या तीन वर्षांची थकबाकी मिळू शकते. ज्येष्ठता आणि बढतीत मात्र इतरांचे हक्क स्थिरावलेले असतात, म्हणून उशीर तिथे नडतो.

तेव्हा लढू की सोडू, असे विचारणाऱ्यांना मी आधी कागदांचे दोन गठ्ठे करायला सांगते. पैशाचा हिशेब बँकेतल्या माणसाने स्वतःच मांडावा : वेतनवाढ, त्यावरचा महागाई भत्ता, भविष्य निर्वाह निधी, आणि शेवटच्या पगारावर ठरणारे उपदान (ग्रॅच्युइटी). क्रमांकाबाबत वकिलांना स्पष्ट विचारावे, की मुदतीत काय बसते. अनुचित श्रम प्रथेच्या तक्रारीला 1971 च्या राज्य कायद्यात 90 दिवसांची मुदत होती, आणि यादीवर तेव्हाच लेखी हरकत घेऊन पोच ठेवली होती का, यावर पुष्कळ अवलंबून असते. न्याय हवा असे वाटणे रास्तच आहे. तो मिळेपर्यंत जगणे तहकूब ठेवायचे, ही अट मात्र कुठल्याही न्यायालयाने घातलेली नसते. ती आपणच घालतो.

यादी मी पंधरा दिवस माझ्या खणात ठेवून घेतली. त्या अवधीत त्यांनी मित्राला फोन केला, त्याच्या आईच्या तब्येतीची चौकशी केली आणि केसविषयी अवाक्षर काढले नाही. झोप लगेच सुधारली नाही, महिन्या-दीड महिन्याने सुधारली. क्रमांकाचा आग्रह वकिलांच्या सल्ल्याने त्यांनी सोडला. वेतनवाढीचा दावा चालू ठेवला.

पंधरवडा संपल्यावर ते आले, हिशेबाचा एकच टाइप केलेला कागद दाखवला आणि जाताना दारातून मागे वळले. "मॅडम, ती यादी द्या बरं. नऊ तारखेला वकिलांना लागणार आहे."