बातमीतला गोवा, दारातला गोवा

प्रश्न : मी वाळपईला राहतो, मुलगा नोकरीनिमित्त पुण्याला असतो. वृत्तवाहिनीवर किनाऱ्यावरील अमली पदार्थांची किंवा मारामारीची बातमी लागली की 'गोवा पार बिघडला' म्हणत तो काळजीने फोन करतो. आमच्याकडे तसे काहीच नसते. वाहिन्या खोटे दाखवतात का? – एक वाचक

उत्तर : खोटे दाखवत असतीलच असे नाही, आणि अडचण तिथेच आहे. खोटी बातमी पुराव्याने खोडता येते. पण बागा-कळंगुटच्या किनाऱ्यावरची प्रत्येक बातमी खरी असूनही सत्तरी, सांगे, काणकोण या तालुक्यांचे वर्तमान बाहेर क्वचितच पोहोचत असल्याने जे चित्र मनात बसते, ते कोणत्या पुराव्याने खोडायचे? (आपल्या गावात काही घडत नाही म्हणून किनाऱ्यावरचे खोटे ठरत नाही, हेही लक्षात असू द्यावे.)

१९६८ च्या अमेरिकी अध्यक्षीय निवडणुकीच्या वेळी मॅक्सवेल मॅककोम्ब्स आणि डोनाल्ड शॉ या अभ्यासकांनी अमेरिकेतील चॅपल हिल या गावी, मत कोणाला द्यायचे हे न ठरलेल्या १०० मतदारांना महत्त्वाचे प्रश्न कोणते, असे विचारले. त्यांनी सांगितलेला क्रम आणि माध्यमांनी ज्या विषयांना अधिक जागा दिली होती त्यांचा क्रम जवळजवळ जुळला. पुढील अभ्यासांत असे आढळले की, ज्या विषयाचा स्वतःला अनुभव नसतो तिथे हा प्रभाव सहसा अधिक असतो. महागाई बाजारात गेल्यावर कळतेच. पुण्यात बसून किनारा मात्र पडद्यावरच दिसतो.

आपल्याकडे गोवा महाराष्ट्रात विलीन करायचा की केंद्रशासित ठेवायचा, हे ठरवणाऱ्या १६ जानेवारी १९६७ च्या जनमत कौलापूर्वी 'गोमन्तक' महाराष्ट्रातील विलीनीकरणाच्या बाजूने, तर 'राष्ट्रमत' विरोधात लिहीत होते. दोन्ही दैनिके मराठीच, त्यामुळे एका भाषेच्या वाचकाला दोन वेगळे गोवे वाचायला मिळत होते, आणि प्रश्न त्याच्या स्वतःच्या घरादाराचा असल्याने छापलेले पारखून घेण्याची सोय त्याच्यापाशी होती. विलीनीकरण ३४,०२१ मतांच्या फरकाने फेटाळले गेले. त्या मतांपैकी किती कोणत्या वृत्तपत्राने वळवली, हे छातीठोकपणे सांगणाऱ्यावर मी तरी विश्वास ठेवणार नाही.

आपल्या चिरंजीवांपाशी मात्र तसे दुसरे वृत्तपत्रही नाही आणि रोजचा अनुभवही नाही. पुढच्या फोनला, घटना नेमकी कोणत्या गावची, एवढे आधी विचारावे. आणि बागायतीत शिरलेले गवे, काजूचा भाव, म्हादईचे पाणी यांची खबर आपणच त्यांना देत राहावे, कारण वाहिन्यांना त्यासाठी सहसा वेळ नसतो.