आगीत निवांत कसं राहणार?

प्रश्न असा आहे. कांजूरमार्गच्या एका सोसायटीत प्रत्येक मजल्यावर अग्निसुरक्षेचा फलक लावायचा आहे आणि मसुद्यात वाक्य आहे, 'आग लागल्यास रहिवाशांनी निवांत राहावे, लिफ्टचा वापर टाळावा.' सेक्रेटरींचं म्हणणं, शांत काय नि निवांत काय, एकच. उलट निवांत जास्त मराठी वाटतं. विचारणाऱ्या बाईंना ते खटकतंय, पण का ते नेमकं सांगता येत नाहीये. जोडीला त्यांनी हेही विचारलंय की बिल्डरांच्या जाहिरातीत 'निवांतता' दिसते, ती बरोबर का?

बाई, तुमचा कान शाबूत आहे. इमारतीला आग लागल्यावर जो निवांत राहतो, त्याला एक तर धूर दिसत नाही किंवा आग त्यानेच लावलेली असते. फलकावर 'घाबरून जाऊ नका, जिन्याने खाली उतरा' एवढं लिहा. 'राहावे', 'टाळावा' असल्या वाक्यांकडे पळणारा माणूस बघतही नाही. आणि शांतच हवं असेल तर खुशाल वापरा, आगीशी त्याचं जुनं नातं आहे. शांत हे संस्कृत 'शम्' धातूचं रूप, आणि अग्निशमन दलातलं शमन त्याच धातूचं. जे उसळलं होतं, पेटलं होतं, ते बसलं की शांत. म्हणून भूक शांत होते, राग शांत होतो, मूळ नक्षत्रावर मूल जन्मलं तर शांत करतात, साठी आली की साठीशांत करतात. यातल्या एकाही जागी निवांत बसत नाही. 'राग निवांत झाला' म्हणून पाहा.

'निवांतता' मात्र कानात खडा गेल्यासारखी वाटते. लोकलच्या खिडकीतून दिसणाऱ्या होर्डिंगांवर ही हल्ली फार बोकाळली आहे. 'निसर्गाच्या कुशीत निवांततेचा अनुभव', आणि फोटोत एक बाई डोळे मिटून चहाच्या कपावर नाक धरून उभी. अहो, 'ता' हा प्रत्यय संस्कृत शब्दांच्या पंगतीतला. शांतता, स्थिरता, सुंदरता. घरी रुळलेल्या शब्दांना आपण तो लावत नाही. गोड, जाड, उंच यांची गोडता, जाडता, उंचता कोणी करत नाही, गोडी, जाडी, उंची होते. तसाच निवांतपणा. तो साडेतीनशे चौरस फुटांत मावत नाही, हा वेगळा विषय.

आता फरक. शांत असणं माणसाच्या आत असतं. आठ-चाळीसच्या विरार फास्टमध्ये, पाठीला कुणाचं दप्तर नि बरगडीत कुणाचं कोपर असताना, एखादा माणूस शांत असू शकतो. मी पाहिलेत असे, डोळे मिटून हरिपाठ म्हणणारे. पण त्या डब्यात निवांत कोणीच नसतं. निवांत व्हायला बाहेरून काहीतरी लागतं. कोपरा लागतो, वेळ लागतो, डोक्यावर कसली टांगती तलवार नसावी लागते. 'धाकटीचं लग्न झालं, आता मी निवांत' म्हणणारा बाप एकदम शांत स्वभावाचा झालेला नसतो, घरात पूर्वीइतकाच ओरडत असतो. फक्त एका बाजूने येणारा वारा थांबलेला असतो.

वारा हा शब्द मी मुद्दाम घेतला, कारण खरी गंमत तिथे आहे.

निवांत कुठून आला? फिरत्या संदेशांमध्ये एक व्युत्पत्ती येते: नि अधिक वांत. ती लिहिणाऱ्याला बहुधा ठाऊक नसावं की संस्कृतात 'वान्त' म्हणजे ओकलेलं. आपली वांती तीच. म्हणजे पोटातलं सगळं बाहेर पडल्यावर जे बरं वाटतं, ते निवांत! असं बरं वाटतं हे खरं, पण त्यावरून शब्द बनत नाही.

दुसरी व्युत्पत्ती जरा भारदस्त. आमच्या वाचनालयात येणारे एक निवृत्त संस्कृत शिक्षक ती ठासून मांडतात. त्यांच्या मते निवांत 'निवणे'वरून आला. भात निवला, डोळे निवले, तसा माणूस निवला की निवांत. ऐकायला छान. पण मग चहा निवांत का होत नाही? भात निवांत झालाय, वाढून घ्या, असं कोणत्या घरात म्हणतात? शब्द आईच्या पोटातून आला असेल तर आईच्या घरात त्याचा वावर हवा. इथे तर ओळखही नाही. हा मुद्दा मी त्यांच्यापुढे मांडला तेव्हा त्यांनी विषय बदलून षष्ठी तत्पुरुषावर नेला, आणि त्यांना कल्पना नाही की त्यांनी तो नेमका माझ्याच दारात आणून सोडला.

मी निवांत 'निवात'वरून आला असं मानतो. निवात म्हणजे जिथे वारा नाही, किंवा वाऱ्यापासून आडोसा. गीतेच्या सहाव्या अध्यायात योग्याच्या चित्ताला दिलेली उपमा पाठ असेल: 'यथा दीपो निवातस्थो नेङ्गते'. निवाऱ्याच्या जागी ठेवलेला दिवा जसा हलत नाही. बहुतेक लोक इथेच थांबतात, गीता आली म्हणजे झालं. पण गीतेतल्या निवातात शब्दाचा अर्धाच अर्थ आहे. बाकीचा अर्धा संस्कृतचा व्याकरणकार पाणिनी याच्याकडे आहे.

त्याच्या अष्टाध्यायी या व्याकरणग्रंथाच्या सहाव्या अध्यायात एक चिमुकलं सूत्र आहे, 'निवाते वातत्राणे' (6.2.8). सूत्र आहे स्वराचं, समासात पहिल्या पदाचा आघात टिकवण्याचं, आणि तो भाग आज आपल्या कामाचा नाही. काम आहे ते उदाहरणांशी. काशिकावृत्ती, म्हणजे अष्टाध्यायीवरची जुनी टीका, तीन देते: कुटीनिवात, शमीनिवात, कुड्यनिवात. झोपडीचा आडोसा, शमीच्या झाडाचा आडोसा, भिंतीचा आडोसा. पाणिनी वायव्य सरहद्दीवरच्या शलातुरचा. तिकडच्या हिवाळ्यातलं वारं अंगावर घेतलेल्या माणसाला भिंतीआडची ती हातभर जागा काय वाटत असेल! पाठ भिंतीला, पाय पोटाशी, वारं डोक्यावरून जातंय. याला आपण निवांत बसणं म्हणतो की नाही?

आणि मग काशिकाकार विचारतात, सूत्रात 'वातत्राणे' हा शब्द घातलाच कशाला? तर म्हणे, निवात हा शब्द वाऱ्याचा संबंध सोडूनही वापरतात, तिथे हा नियम लागू नये म्हणून. त्याची दोन उदाहरणं दिली आहेत. 'राजनिवाते वसति', म्हणजे राजाच्या जवळ, त्याच्या बाजूला राहतो. आणि दुसरं, 'सुखं मातृनिवातम्'. आईच्या कुशीत, आईच्या बाजूला असणं सुखाचं. काशिका स्वच्छ सांगते की इथे निवात हा 'बाजू' या अर्थाचा रूढ शब्द आहे, आणि दोन्ही ठिकाणी समास षष्ठीचा आहे. घ्या गुरुजी, तुमची षष्ठी.

'सुखं मातृनिवातम्' मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून ठेवलं होतं. वाऱ्याचा आडोसा, मग कुणाचा तरी आधार, मग त्या आधाराने मिळणारी निश्चिंती. अर्थाचा सगळा प्रवास संस्कृतातच उरकलेला आहे. मराठीने फक्त वारा पूर्ण विसरून जायचं बाकी ठेवलं होतं, ते तिने केलं. अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशातही निवातचे अर्थ असेच एका ओळीत बसवलेत: आश्रय, वारा नसलेली जागा, आणि शस्त्राने न भेदणारं चिलखत. तिसरा अर्थ दचकवतो, पण महाभारतात अर्जुनाने मारलेले निवातकवच नावाचे दानव आठवा. ज्यांच्या कवचातून वारासुद्धा शिरत नाही ते. त्या दानवांच्या नावात आपला निवांत लपून बसलाय, हे मुलांना गोष्ट सांगताना जरूर सांगा.

आता शिक्षक महाशयांचा आक्षेप अनुस्वाराचा. निवातचा निवांत झाला कसा? उच्चचा उंच, पक्षचा पंख होतो, पण तिथे जोडाक्षर मोडलंय आणि त्याची भरपाई म्हणून नाकातला उच्चार आलाय. निवातमध्ये जोडाक्षरच नाही. आक्षेप बरोबर आहे, उत्तर सोपं आहे. शब्द संगतीने बिघडतात, संगतीने सुधारतातही. शांत, एकांत, विश्रांत या तिघांच्या मांडीला मांडी लावून बसणाऱ्या निवातला अनुस्वार लागला नसता तरच नवल. आपण आजही 'शांत निवांत' एका दमात म्हणतो. हे माझं मत आहे आणि ते मी सोडणार नाही.

मुंबईकराची यात एक पंचाईत आहे. त्याच्या लेखी निवांत जागा म्हणजे जिथे वारा येतो ती. मरीन ड्राइव्हचा कठडा, शिवाजी पार्कचा कट्टा, लोकलमध्ये वाऱ्याच्या बाजूची खिडकी. ऑक्टोबरमध्ये वारा पडला की इथे निवात म्हणजे निव्वळ घुसमट. शलातुरचं सुख गिरगावात शिक्षा होते. पण यावरही जुन्या माणसांनी विचार केलेला आहे. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात, पंधराव्या अध्यायात, रुग्णांसाठी घर कसं बांधावं ते सांगितलंय. ते दणकट हवं, निवात हवं, आणि लगेच पुढचा शब्द आहे 'प्रवातैकदेश', म्हणजे एका भागात वारा खेळता हवा. धूर, ऊन, पाणी, धूळ आत येता कामा नये, हेही आहे. निवात आणि प्रवात एकाच वाक्यात, एकाच घरात. वन रूम किचनमध्ये एका खिडकीवर संसार केलेल्या कुणालाही हे समजावून सांगावं लागणार नाही. बिल्डरांना काही छापायचंच असेल तर 'प्रवातैकदेश' छापा म्हणावं, निदान खिडकी तरी द्यावी लागेल.

निवणे राहिलंच. निवांतशी त्याचं रक्ताचं नातं मी नाकारलं, पण त्याचं स्वतःचं कुळ काही कमी नाही. निवणे येतं 'निर्वा'पासून, म्हणजे विझणं, थंड होणं. निर्वाणही तिथूनच. वाटीतली आमटी निवते आणि बुद्धांचं निर्वाण होतं, धातू एकच. ज्या शहरात 6 डिसेंबरला चैत्यभूमीकडे जाणारी गर्दी सगळी दादर भरून टाकते, तिथे महापरिनिर्वाण हा शब्द कुणाला नवा नाही. त्याचा एक धागा आपल्या स्वयंपाकघरात आहे, हे मात्र फारसं कुणी सांगत नाही. पाणिनीने यावरही सूत्र केलंय, 'निर्वाणोऽवाते' (8.2.50). निर्वाण हे रूप वाऱ्याबद्दल बोलायचं नसेल तेव्हाच. अग्नी निर्वाण, दिवा निर्वाण, भिक्षू निर्वाण, असं काशिका म्हणते, पण वारा थांबला तर तो 'निर्वात'. म्हणजे विझणं वेगळं आणि वारा पडणं वेगळं, ही वाटणी तेव्हापासूनची. निवणे आणि निवांत यांची मोट बांधणाऱ्यांनी हे सूत्र एकदा डोळ्यांखालून घालावं.

आणि निवळणे या दोघांतलं कुणीच नाही. ते निर्मळचं भावंड. गढूळ पाणी निवळतं, त्यासाठी निवळीची बी उगाळून घालत असत. आभाळ निवळतं, तणाव निवळतो. चहा निवळत नाही, निवतो. टीव्हीवर पाककृती सांगणाऱ्या ताई 'मिश्रण निवळू द्या' म्हणतात तेव्हा मला वाटतं यांना गाळ खाली बसवायचा आहे.

जाता जाता एका वापराची बाजू घेतो, कारण त्यावर उगीच नाक मुरडलं जातं. 'काय चाललंय?' याला हल्लीची पोरं एका शब्दात उत्तर देतात, 'निवांत.' काही वडीलधाऱ्यांना हे आळशीपणाचं लक्षण वाटतं, व्याकरणाचंही वाटतं. त्यात काहीही चुकीचं नाही. घाटावरची माणसं कधीपासून असंच बोलतात: 'बसा निवांत', 'निवांत हाय'. क्रियापद गाळलेलं आहे, अर्थ पुरा पोचतो. ज्यांना पटत नसेल त्यांनी त्या जागी शांत घालून पाहावं. 'काय चाललंय?' 'शांत.' पलीकडचा लगेच विचारेल, घरी पुन्हा काही झालं का रे?