‘अतिवास्तव’ नव्हे, ‘उपरिवास्तव’

प्रश्न असा आला आहे: ब्रिटिश स्टँड-अप कलाकार एडी इझार्ड यांच्या कारकिर्दीवरच्या एका मराठी लेखात त्यांना ‘अतिवास्तववादी विनोदकार’ म्हटलं आहे. याचा अर्थ काय? त्याऐवजी ‘असंबद्ध विनोद’ म्हटलं तर चालेल का?

चालणार नाही. आणि ‘अतिवास्तववादी’ही चालू नये. हल्ली चित्रपटांच्या परीक्षणांत ‘झोपडपट्टीचं अतिवास्तव चित्रण’ असलं काहीतरी सर्रास वाचायला मिळतं. लिहिणाऱ्याला म्हणायचं असतं हुबेहूब, जसंच्या तसं. मूळ अर्थ, म्हणजे इंग्रजी ‘सर्रिअल’चा, स्वप्नासारखं, नेहमीच्या वास्तवापलीकडचं असा आहे. म्हणजे त्याच्या बरोबर उलट. दोष शब्द घडवणाऱ्यांचा आहे. मराठी कानाला ‘अति’ म्हणजे प्रमाणाबाहेर: अतिशहाणा, अतिपरिचय, अति तिथे माती. मग ‘अतिवास्तव’ म्हणजे वास्तवाचा अतिरेक असंच कुणीही समजणार. यावर संस्कृतवाले लगेच अतींद्रिय, अतिमानुष काढून दाखवतात. तिथे ‘अति’चा अर्थ ‘पलीकडचं’ असा आहे, हे कबूल. पण तो अर्थ ग्रंथांतल्या शब्दांपुरता उरला आहे, बोलत्या मराठीत तो नाही. मराठी विश्वकोशात नोंद ‘अतिवास्तववाद’ याच नावाने आहे, हा तर युक्तिवादच नव्हे. कोशाने शब्द नोंदवला म्हणून तो नेमका ठरत नाही.

मूळ शब्द फ्रेंच, ‘सुररेआलिझ्म’. तो घडवला कवी गियोम अपोलिनेर याने, १९१७ साली. या नावाच्या साहित्य-चित्रकलेतल्या चळवळीचा नेता आंद्रे ब्रेताँ, त्याचा जाहीरनामा १९२४चा, त्यामुळे शब्दाचं श्रेय ब्रेताँला देणाऱ्यांनी तारखा पाहाव्यात. अपोलिनेरने आधी ‘निसर्गापलीकडचं’ अशा अर्थाचा शब्द वापरला होता आणि मग विचार करून तो टाकला. ‘अलौकिक’, ‘अद्भुत’ सुचवणाऱ्यांना हे माहीत असायला हवं. त्याने दिलेला दाखला मला फार आवडतो: माणसाला चालण्याची नक्कल करायची होती तेव्हा त्याने चाक बनवलं, आणि चाक काही पायासारखं दिसत नाही.

आता खरी गंमत त्या ‘सुर’मध्ये आहे. फ्रेंच ‘सुर’ लॅटिन ‘सुपेर’पासून आला. त्याचा ग्रीक भाऊ ‘हुपेर’ आणि संस्कृत भाऊ ‘उपरि’. उपरिचं प्राकृतात उवरि झालं, ज्ञानेश्वरीत ते ‘वरी’ म्हणून भेटतं, आणि आज आपण म्हणतो ‘वर’. म्हणजे ‘सर्रिअल’मधला ‘सर’ आणि ‘टेबलावर’मधला ‘वर’ एकाच घरातले!

हे इझार्ड यांना लागू पडतं ते असं. ‘ड्रेस टु किल’ या १९९८च्या प्रयोगात शाळेतल्या फ्रेंचवर एक मोठा तुकडा आहे. पाठ्यपुस्तकातलं वाक्य: माकड फांदीवर आहे. फ्रेंचमध्ये ‘सुर ला ब्रांश’. तोच ‘सुर’, तोच ‘वर’. आता हे वाक्य फ्रान्समध्ये बोलायला संधी कुठे मिळणार? म्हणून माकड सोबत घेऊन फ्रान्सला जायचं. यात असंबद्ध काय आहे? एकेक पायरी तर्काला धरून आहे. असंबद्ध बोलणं म्हणजे दुवा नसणं. इथे दुवा आहे आणि तो शेवटपर्यंत ताणलेला आहे. त्याच प्रयोगात पाखंडी ठरवलेल्यांना छळणारं चर्चचं न्यायालय, ‘इन्क्विझिशन’, इंग्लंडच्या चर्चकडे सोपवलं जातं, आणि चहा-केकच्या सवयीतले ते सज्जन लोक आरोपीला विचारतात: केक की मृत्यू? सगळेच केक मागतात, मग केक संपत येतो. पुढच्या ‘सर्कल’ या प्रयोगात ‘स्टार वॉर्स’ चित्रपटांतला खलनायक डार्थ व्हेडर आपल्याच अंतराळतळाच्या कँटीनमध्ये ट्रे घेऊन उभा राहतो आणि वाढणारा त्याला ओळखत नाही. दोन्ही ठिकाणी दोन वास्तवं पूर्ण शाबूत आहेत. एकावर दुसरं ठेवलेलं आहे, इतकंच. वास्तवावर वास्तव. माझ्या मते ‘सुर’चा इतका शब्दशः अर्थ चित्रकारांनाही क्वचितच साधला.

म्हणून माझा शब्द ‘उपरिवास्तव’. (‘उपरवास्तव’ करू नका. ‘उपरोक्त’ने सरकारी पत्रांची जी वाट लावली ती पुरे झाली, उपरि अधिक उक्त म्हणजे उपर्युक्त.) याला आणखी एक फायदा आहे. ‘उपरा’ हा शब्दही मला याच उपरिच्या कुळातला वाटतो: वरून येऊन पडलेला, घरचा नसलेला. इझार्ड यांचा जन्म १९६२चा, एडनमधला; हे बंदर १९३२पर्यंत मुंबई इलाख्यात मोडत होतं. मग उत्तर आयर्लंड, वेल्स, सहाव्या वर्षी आई गेली, बोर्डिंग शाळा, शेफील्ड विद्यापीठातलं अर्धवट सोडलेलं हिशेबाचं शिक्षण, कॉव्हेंट गार्डनच्या रस्त्यावरचे खेळ. ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस लंडनचा ‘कॉमेडी स्टोअर’ हा विनोदी प्रयोगांचा क्लब, आणि २०००मध्ये ‘ड्रेस टु किल’साठी दोन एमी, म्हणजे अमेरिकन टीव्हीचे पुरस्कार. पुढे फ्रेंच, जर्मन आणि स्पॅनिशमध्येही प्रयोग केले. परक्या भाषेत लोकांना हसवणं ही मोठी हिंमत आहे, तिच्याबद्दल मला नितांत आदर आहे.

त्या लेखात सर्वत्र ‘तो’ छापलं असेल तर तेही बदलायला हवं. स्वतःसाठी स्त्रीलिंगी सर्वनाम अधिक पसंत असल्याचं इझार्ड यांनी जाहीरपणे सांगितलेलं आहे, आणि मराठीला ‘त्या आल्या’ म्हणायला काहीच अडचण नाही.

‘उपरिवास्तव’ जड वाटत असेल तर सरळ ‘सर्रिअल’ लिहा. ‘तऱ्हेवाईक विनोद’ मात्र नको. तऱ्हेवाईक हे माणसाचं विशेषण आहे, आणि इथे प्रश्न विनोदाच्या बांधणीचा आहे.