बेळगावच्या किल्ला तलावाचा इतिहास काय? एका मुक्कामात वेळ काढून जाण्यासारखा आहे का?

होय की, जरूर जा. फक्त तलावाजवळ गाडी थांबवून, झेंड्याच्या खांबासोबत फोटो काढून परत फिरू नका. या पाण्याचा इतिहास शेजारच्या किल्ल्यात आहे. दोन्ही एका फेरीत पाहिले तरच जाण्याला अर्थ आहे.

मध्यवर्ती बसस्थानकापासून ही जागा जवळच आहे. फलकावर कानडीत 'कोटे केरे' असे नाव दिसेल, पण रिक्षावाल्याला 'किल्ला तलाव' सांगितले तरी तो बरोबर आणून सोडतो.

आपला किल्ला भुईकोट. डोंगरी किल्ल्याला कडा राखतो, भुईकोटाला तट आणि खंदकच राखतात. खंदकात पाणी असले की शत्रूला शिडी लावायलाही जागा मिळत नाही. 1473 मध्ये बहमनी वजीर महमूद गवान याने बेळगावला वेढा घातला, तेव्हा या खंदकाने त्याला चांगलेच झुंजवले. त्याचे सैनिक दिवसा लाकूड आणि माती टाकून खंदक बुजवायचे आणि किल्ल्यातली माणसे रात्री तो भराव उपसून काढायची. शेवटी तटाखाली भुयारे खणून त्यांत दारू ठासली, सुरुंग उडवले, आणि मगच किल्ला पडला. दख्खनमध्ये सुरुंगाचा असा वापर तेव्हा नवा होता. पुढे आदिलशाही आली, नंतर मराठे. 1818 मध्ये जनरल मन्रोने सुमारे तीन आठवडे वेढा दिला आणि 10 एप्रिलला पेशव्यांच्या शिबंदीने किल्ला सोडला. त्यानंतर इंग्रजांनी इथे छावणी वसवली. आजचा कॅम्प भाग तिथूनच सुरू झाला. 1922 पासून मराठा लाइट इन्फंट्रीचे केंद्रही बेळगावातच आहे. किल्ल्याच्या आसपास लष्कराची वर्दळ दिसते ती त्यामुळे. आत फिरताना फलक वाचूनच फोटो काढा.

खंदक आणि आजचा तलाव एकच, असे बरेच जण धरून चालतात. तसे नाही. खंदक तटाला वेढून आहे आणि तलाव तटाबाहेर आहे.

किल्ल्यात शिरताना दाराशी दुर्गादेवीचे आणि गणपतीचे देऊळ लागते. आत गेल्यावर कमल बस्ती, म्हणजे जैन मंदिर, चुकवू नका. रट्ट घराण्यातला राजा चौथा कार्तवीर्य याचा मंत्री बिचिराज याने 1204 मध्ये ही जैन बस्ती उभारली. छतात काळ्या दगडाचे कमळ कोरलेले आहे. त्याच्याखाली मान वर करून थोडा वेळ उभे राहा, पाकळ्यांचे एकेक वर्तुळ कसे खाली उतरत आले आहे ते तेव्हा दिसते. या बस्तीच्या दानाचे दोन शिलालेख आज लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत. ते इथे, बस्तीजवळ असायला हवे होते, असे मला मनापासून वाटते. आतच सफा मशीद आहे, शिवाय रामकृष्ण मिशनचा आश्रमही. ऑक्टोबर 1892 मध्ये विवेकानंद बेळगावला आले होते, तेव्हा ते काही दिवस इथे हरिपद मित्र या गृहस्थांच्या घरी राहिले. तेच घर आज आश्रमाच्या आवारात जपले आहे.

आता तलावाचा आजचा वापर. सकाळी फिरायला येणारे, त्यांत निवृत्त मंडळी जास्त. संध्याकाळी लहान मुलांना घेऊन आलेली घरे, कॉलेजची पोरे, भेळ आणि कणीस. एकाच बाकावर मराठी, कानडी, उर्दू कानावर पडते. कोण कुठल्या भाषेचा, याची चौकशी तिथे कुणी करत नाही. या शहराबद्दल बाहेर फक्त सीमावादच ऐकला असेल, तर ही संध्याकाळ मुद्दाम अनुभवा. मार्च 2018 मध्ये तलावाकाठी 110 मीटर उंचीचा ध्वजस्तंभ उभा राहिला, तेव्हापासून पाहुणे वाढले. इतक्या उंचावर वारा जोराचा असतो, त्यामुळे ध्वज रोज फडकताना दिसेलच असे धरू नका. कारंजे आणि बोटिंग त्या दिवशी चालू आहे का, हेही तिथेच विचारून घ्या.

माझी खरी काळजी पाण्याची आहे. शहराच्या मधोमध असलेल्या साचलेल्या तलावात सांडपाण्याचा थोडा अंश जरी उतरला, तरी त्यातल्या नत्र-स्फुरदावर जलपर्णी फोफावते. पृष्ठभाग झाकला की खाली उजेड पोहोचत नाही, कुजलेल्या पानांनी पाण्यातला प्राणवायू कमी होतो आणि मासे तगत नाहीत. मासे गेले की पाणकावळे, बगळे, खंड्या यांनाही तिथे काही उरत नाही. काठावर बाक आणि दिवे वाढवायला पैसा मिळतो, तसाच येणारे नाले अडवायला आणि गाळ काढायला आधी मिळायला हवा. आपल्याकडून होण्यासारखे एवढेच की निर्माल्य पिशवीसकट पाण्यात टाकू नये आणि माशांना पावाचे तुकडे घालू नयेत. न खाल्लेला पाव तळाशी कुजतो.

क्रम असा ठेवा: चारच्या सुमारास किल्ला, कारण बस्तीतले कोरीवकाम उजेडातच नीट दिसते, आणि ऊन उतरले की तलाव. शक्यतो रविवार टाळा, गर्दीत धड फिरता येत नाही. दुसऱ्या दिवशी गाडीला वेळ असेल, तर टिळकवाडीत काँग्रेस विहीर पाहून या. गांधीजी अध्यक्ष असलेले काँग्रेसचे एकमेव अधिवेशन डिसेंबर 1924 मध्ये तिथे भरले. गंगाधरराव देशपांडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आलेल्या हजारो लोकांच्या पाण्यासाठी ती विहीर खोदून घेतली होती. तिला पंपा सरोवर असे नाव दिले होते. शेजारीच वीरसौध हे स्मारक आहे. दोन्ही मिळून अर्ध्या-पाऊण तासात पाहून होते.