पुस्तक-पृच्छा : मांजर नंतर, आधी सममिती

गेल्या दोन महिन्यांत या सदराकडे आलेल्या पत्रांपैकी पाच पत्रे पुंजसिद्धांत (क्वांटम सिद्धांत), सममिती आणि अवकाशकाल (अवकाश आणि काळ यांची एकत्रित चौकट) या तीन विषयांभोवती फिरणारी असल्यामुळे त्यांना एकाच अंकात उत्तरे देत आहे. पत्रे जागेअभावी संक्षिप्त केली आहेत.

प्रश्न : मी १९७०च्या दशकात पुण्यात बी.एस्सी. झालो आणि पुढची सारी वर्षे बँकेत काढली. निवृत्तीनंतर क्वांटमवरची चार लोकप्रिय पुस्तके वाचली. चारही पुस्तकांत पेटीतले मांजर भेटले, निसर्ग विलक्षण आहे असे सांगण्यात आले. पण विलक्षण म्हणजे नेमके काय, ते समजले नाही. कलनशास्त्र आणि मॅट्रिक्स थोडे आठवतात. आता कोणत्या क्रमाने वाचावे? (एक वाचक, कोथरूड)

उत्तर : आपली तक्रार रास्त आहे. भौतिकशास्त्रज्ञ श्रोडिंगर यांनी १९३५ साली ते मांजर (पेटी उघडेपर्यंत जिवंतही आणि मेलेलेही मानावे लागणारे) पेटीत घातले ते सिद्धांत शिकवण्यासाठी नव्हे, तर त्याचा जो अर्थ तेव्हा लावला जात होता त्याला चिमटा काढण्यासाठी. आणि चिमटा कशाला काढला आहे हे ज्याला ठाऊक नाही, त्याला त्यातून चमत्काराखेरीज दुसरे काय दिसणार? म्हणून माझी सूचना अशी की, पुंजसिद्धांत तूर्त बाजूला ठेवावा आणि सुरुवात अवकाशकालापासून करावी. हा क्रम उलटा वाटेल, परंतु आपल्याला आठवणारे गणित तिथे पहिल्या दिवसापासून उपयोगी पडते.

त्यासाठी टेलर आणि व्हीलर यांचे ‘स्पेसटाइम फिजिक्स’ घ्यावे. त्याच्या आरंभी भूमापकांची एक बोधकथा आहे. एक भूमापक होकायंत्राची उत्तर धरतो, दुसरा ध्रुवताऱ्याची. त्यामुळे एकाच गावातल्या एकाच ठिकाणाची दोघांनी नोंदवलेली पूर्वेकडची आणि उत्तरेकडची अंतरे जुळत नाहीत, मात्र त्या अंतरांच्या वर्गांची बेरीज दोघांचीही सारखीच येते. शनिवारवाड्यापासून पर्वती किती दूर आहे, हे आपण कोणती उत्तर मानली यावर अवलंबून नसते, इतकी ही साधी गोष्ट आहे. अवकाशकालात बेरजेच्या जागी वजाबाकी येते आणि सारा फरक त्या एका वजाबाकीच्या चिन्हातून निघतो. समजा, एक यान पृथ्वीवरच्या घड्याळाप्रमाणे ५ वर्षांत ३ प्रकाशवर्षे अंतर कापते. पाचाचा वर्ग पंचवीस, त्यातून तिनाचा वर्ग नऊ वजा केला की सोळा उरतात, आणि सोळाचे वर्गमूळ चार. म्हणजे यानातल्या घड्याळात ४ वर्षेच झालेली असतात. शाळेतला पायथागोरसच, फक्त चिन्ह बदललेला.

हे कागदी कोडे नाही. वैश्विक किरणांमुळे सुमारे १५ किलोमीटर उंचीवर म्युऑन नावाचे कण निर्माण होतात. स्थिर म्युऑनचे सरासरी आयुष्य २.२ मायक्रोसेकंद असते आणि तेवढ्या वेळात प्रकाशसुद्धा जेमतेम ६६० मीटर जातो. तरीही हे कण आपल्या इमारतीच्या गच्चीवर सतत येऊन पडत असतात, कारण प्रकाशवेगाच्या ९९.८ टक्के वेगाने येणाऱ्या म्युऑनचे आयुष्य आपल्या घड्याळाने मोजले असता जवळजवळ सोळा पट भरते. हा आकडा वरच्याच वजाबाकीने स्वतः काढून पाहावा. पुस्तकातली उदाहरणे न सोडवता पुढे जायचे असेल, तर ते विकत घेण्यात अर्थ नाही, असे मी स्पष्टच सांगतो.

त्यानंतर डिरॅक यांच्या ‘प्रिन्सिपल्स ऑफ क्वांटम मेकॅनिक्स’ (पहिली आवृत्ती १९३०) या ग्रंथाचे केवळ पहिले प्रकरण वाचावे. हा सल्ला धाडसाचा आहे, कारण या ग्रंथाची भीती अनेकांना वाटते. माझ्याकडची प्रत अप्पा बळवंत चौकाच्या परिसरात जुन्या पुस्तकांच्या ढिगात मिळाली. तिच्या सुरुवातीच्या पानांवर आधीच्या मालकाने पेन्सिलीने बारीक अक्षरांत टिपणे केली आहेत आणि पुढे बीजगणिताची नवी चिन्हे सुरू होताच समास कोरे झाले आहेत. त्या अनोळखी गृहस्थांनी जिथे पेन्सिल ठेवली, तिथपर्यंत आपणही निर्धास्त जावे. पहिल्या प्रकरणात ध्रुवित (एकाच दिशेत कंप पावणाऱ्या) प्रकाशाचा एकच फोटॉन, म्हणजे प्रकाशकण, तिरप्या बसवलेल्या स्फटिकातून जाताना काय होते, याचा विचार गद्यात केला आहे. अर्धा फोटॉन पलीकडे निघत नाही. एक तर अख्खा निघतो, नाही तर मुळीच निघत नाही, आणि कितींदा निघेल याचेच प्रमाण सांगता येते. मांजराच्या पेटीत जे झाकले गेले होते ते इथे उघड्यावर दिसते. पुढे मॅट्रिक्सच्या बळावर ससकिंड आणि फ्रीडमन यांचे ‘क्वांटम मेकॅनिक्स : द थिऑरेटिकल मिनिमम’ झेपेल, आणि त्यानंतर ग्रिफिथ्स. या लेखकाविषयी खाली एका स्वतंत्र प्रश्नात लिहिले आहे.

प्रश्न : सममिती म्हटले की आम्हाला रांगोळी आणि फुलपाखरू आठवते. पुंजसिद्धांताच्या पुस्तकांत तिच्यावर अख्खी प्रकरणे का असतात? (भौतिकशास्त्राची विद्यार्थिनी, शिवाजीनगर)

उत्तर : रांगोळीपासूनच सुरुवात करणे योग्य आहे आणि हेर्मान वाइल या गणितज्ञांनी तेच केले. त्यांचे ‘सिमेट्री’ (१९५२) हे छोटे पुस्तक नक्षीकाम, फुले आणि स्फटिक यांच्या चित्रांनी भरलेले आहे. चौकोनी ठिपक्यांची रांगोळी पाव फेरा फिरवली तरी तशीच दिसते. जे केल्याने काही बदलत नाही, त्या सर्व कृतींचा संच म्हणजे तिची सममिती. याच वाइल यांनी १९२८ मध्ये ग्रूप थिअरी (सममितीचे गणित) आणि पुंजसिद्धांत यांवर ग्रंथ लिहिला होता, पण तो आपण एम.एस्सी.नंतर उघडावा.

आता हाच अंक हातात घ्या. तो टेबलावर उताणा ठेवा, मुखपृष्ठ वर, शीर्षकाची कड आपल्यापासून दूर. प्रथम तो टेबलावरच घड्याळाच्या दिशेने पाव फेरा फिरवा, मग दूरची कड उचलून अंक उभा करा. मुखपृष्ठ आपल्याकडे आहे, पण शीर्षक आडवे पडून उजव्या बाजूला गेले आहे. आता अंक मूळ स्थितीत आणून याच दोन कृती उलट क्रमाने करा : आधी उभा करा, मग तसाच उभा ठेवून टेबलावर, वरून पाहता घड्याळाच्या दिशेने, पाव फेरा. या वेळी शीर्षक वर आहे, पण मुखपृष्ठाने डावीकडे तोंड फिरवले आहे. कृती त्याच, क्रम वेगळा, फलित वेगळे.

यात अद्याप पुंजसिद्धांत आलेला नाही. अंक कसाही फिरवला तरी हे घडणारच. पुंजसिद्धांताची भर अशी की, तिथे कोनीय संवेग (फिरण्याच्या गतीचे माप) ही मोजायची राशी आणि फिरवण्याची कृती यांचे नाते एकाच गणिती वस्तूतून येते. म्हणून दोन वेगवेगळ्या अक्षांभोवतीचे फेरे क्रम बदलल्यावर जुळत नाहीत, याचाच परिणाम म्हणून कणाच्या कोनीय संवेगाचे त्या दोन अक्षांवरचे घटक सर्वसाधारणपणे एकाच वेळी निश्चित असू शकत नाहीत. अनिश्चितता म्हणजे उपकरणाचा ढोबळपणा, हा समज लोकप्रिय पुस्तकांनी पसरवला आहे; आपण टेबलावर जे पाहिले ते त्या समजाला उत्तर आहे.

भौतिकशास्त्रज्ञ विग्नर यांनी १९३९ मध्ये याच्याही पुढची पायरी गाठली. अवकाशकालात सरकवणे, फिरवणे आणि वेग बदलणे या सर्व कृतींखाली पुंजसिद्धांताची स्थिती कशी बदलू शकते, याची मोजणी करता मूलकणांना वस्तुमान आणि स्पिन (कणाचा अंगभूत कोनीय संवेग) ही दोन ओळखपत्रे का असतात, हे त्यातून निघाले. आपल्या विषयातले तीन धागे एकत्र येतात ते इथे. मात्र सममिती ही गृहीत धरण्याची गोष्ट नव्हे, हेही लक्षात असू द्यावे. निसर्ग आणि त्याचे आरशातले प्रतिबिंब यांचे नियम सारखेच असणार, अशी समजूत होती. ली आणि यांग यांनी १९५६ मध्ये तिच्याविषयी शंका घेतली आणि चिएन-शिउंग वू यांनी कोबाल्ट-६० वरील प्रयोगाने ती मोडीत काढली. १९५७ चे नोबेल ली आणि यांग यांना मिळाले, वू यांना मिळाले नाही. हे मला आजही खटकते.

प्रश्न : ऊर्जा अक्षय्यतेचा नियम मी तीस वर्षे वर्गात शिकवला. एका व्याख्यानात ऐकले की, विश्व प्रसरण पावत असल्यामुळे तो विश्वाला जसाच्या तसा लागू होत नाही. हे खरे आहे का, आणि याविषयी काय वाचावे? (निवृत्त शिक्षक, सातारा रस्ता)

उत्तर : खरे आहे, आणि आपण वर्गात चुकीचे काही शिकवलेले नाही. गणितज्ञ एमी नोएथर यांच्या १९१८ च्या प्रमेयानुसार प्रत्येक सलग सममितीमागे एक अक्षय राशी असते : नियम आज आणि उद्या सारखेच असतील तर ऊर्जा अक्षय, इथे आणि तिथे सारखेच असतील तर संवेग अक्षय, सर्व दिशांना सारखेच असतील तर कोनीय संवेग अक्षय. प्रसरण पावणाऱ्या विश्वाचा अवकाशकाल मात्र आज आणि उद्या सारखा नसतो. ती सममितीच नाही, तेव्हा तिच्यावर उभा असलेला नियमही त्या पातळीवर उरत नाही. विश्व सुमारे ३००० केल्विन तापमानाचे असताना मोकळा झालेला प्रकाश आज २.७ केल्विनचा होऊन आपल्याकडे येतो. त्याच्या लहरी अकराशे पट ताणल्या गेल्या आहेत, आणि प्रत्येक फोटॉनची कमी झालेली ऊर्जा कोणत्या खात्यात जमा झाली, हे विचारण्याला अर्थ राहत नाही.

नोएथर यांना हिल्बर्ट आणि क्लाइन यांनी १९१५ मध्ये ग्योटिंगेनला बोलावले, तेव्हा व्यापक सापेक्षतेत (आइन्स्टाइन यांच्या गुरुत्वाकर्षणाच्या सिद्धांतात) ऊर्जेचे काय होते हाच पेच त्यांच्यापुढे होता. म्हणजे आपला प्रश्न त्या प्रमेयाच्या जन्माइतका जुना आहे. स्त्री असल्यामुळे त्यांना अध्यापनाचा अधिकार १९१९ पर्यंत मिळाला नाही आणि तोवर त्यांची व्याख्याने हिल्बर्ट यांच्या नावाने जाहीर होत. वाचण्यासाठी नॉयेनश्वांडर यांचे ‘एमी नोएथर्स वंडरफुल थिअरम’ घ्यावे. त्यातले गणित आपल्याला नक्की पेलेल. व्यापक सापेक्षतेसाठी जयंत नारळीकर यांचे ‘ॲन इंट्रोडक्शन टु रिलेटिव्हिटी’ (२०१०) सुचवतो. मराठीत ‘आकाशाशी जडले नाते’ लिहिणाऱ्या लेखकाची समजावण्याची हातोटी त्या इंग्रजी पाठ्यपुस्तकातही जाणवते. अवकाशकाल स्वतःच मूलभूत आहे की उष्णतेमागे जसे रेणू तसे त्याच्यामागेही काही सूक्ष्म आहे, या प्रश्नावर आपल्याच गावातल्या आयुका या खगोलविज्ञान संस्थेत टी. पद्मनाभन यांनी अखेरपर्यंत काम केले. त्यांचे ‘स्लीपिंग ब्यूटीज इन थिऑरेटिकल फिजिक्स’ (२०१५) हे पुस्तक कठीण आहे, तथापि कोणतेही प्रकरण सुटे वाचता येते.

प्रश्न : क्वांटमने वेदान्त सिद्ध केला, हे सांगणारे प्रमाणभूत पुस्तक कोणते? (एक वाचक, सदाशिव पेठ)

उत्तर : असे प्रमाणभूत पुस्तक नाही. श्रोडिंगर यांना उपनिषदांची ओढ होती आणि ‘व्हॉट इज लाइफ?’ (१९४४) च्या उपसंहारात त्यांनी तसे लिहिलेही आहे. परंतु त्यांचे १९२६ चे समीकरण सोडवताना उपनिषदांची गरज पडत नाही, आणि उपनिषदांनाही त्या समीकरणाच्या शिफारसपत्राची गरज नाही.

प्रश्न : ग्रिफिथ्स यांच्या ‘इंट्रोडक्शन टु क्वांटम मेकॅनिक्स’ची जुनी आवृत्ती मला निम्म्याहून कमी किमतीत मिळत आहे. घेऊ का? (अभियांत्रिकीचा विद्यार्थी, कर्वेनगर)

उत्तर : पाठ्यपुस्तकाची जुनी आवृत्ती खुशाल घ्यावी, असे मी एरवी सांगतो, कारण हायड्रोजनचा अणू आवृत्तीगणिक बदलत नाही. इथे मात्र अडचण आहे. २०१८ च्या तिसऱ्या आवृत्तीत श्रोटर हे सहलेखक झाले आणि सममिती व अक्षय्यतेचे नियम यांवर एक संपूर्ण नवे प्रकरण आले, जे १९९५ च्या पहिल्या आवृत्तीत नाही आणि दुसरीतही नाही. केवळ परीक्षेपुरते हवे असेल तर जुनी प्रत घ्या. वरच्या विद्यार्थिनीचा प्रश्न आपल्यालाही पडला असेल, तर तिसरीसाठी थांबा, आणि तोवर ते एक प्रकरण ग्रंथालयात बसून वाचा.