तुळजापूरचा मणी, सोलापूरचे माग : वाचकांचे प्रश्न

प्रश्न (एक वाचक, अक्कलकोट रोड, सोलापूर): मी कादंबरी लिहितोय. तुळजापूरच्या डोंगरावर एक तेजमणी आहे आणि तो सोलापुरातल्या एका कारखान्याचे ४० यंत्रमाग तारेशिवाय चालवतो. जादू म्हटली की सगळं चालतं, असं मित्र म्हणतात. मला ते पटत नाही. हे खरं वाटावं म्हणून काय काय ठरवून ठेवू?

उत्तर: तुमचंच बरोबर आहे. मण्यात ऊर्जा आली कुठून, हे खुशाल जादूवर सोडा. पण निघाली किती, पोचली किती आणि मधली कुठे गेली, हा हिशेब चोख हवा. तो सुटला की वाचकही सुटतो.

सुरुवात मागापासून करा. साध्या मागाची मोटर साधारण १ अश्वशक्तीची, म्हणजे ७४६ वॅटची. ४० मागांचे झाले ३० किलोवॅट. एवढी वीज तारेशिवाय खरोखर पाठवून झाली आहे. १९७५ मध्ये कॅलिफोर्नियात गोल्डस्टोन इथे २६ मीटर व्यासाच्या तबकडीतून (डिश अँटेनातून) मायक्रोवेव्ह सोडून सुमारे दीड किलोमीटरवर ३० किलोवॅटहून जास्त वीज मिळवली होती. तुमचा कारखाना त्यावर चालला असता, पण दीड किलोमीटरवर. तुम्हाला जायचंय हवाई अंतराने ४० किलोमीटरच्या आसपास, आणि खरी अडचण तिथे आहे.

कुठलाही झोत जाता जाता पसरतो. मण्याचा झोत घरातल्या मायक्रोवेव्ह ओव्हनच्या लहरींचा धरा, म्हणजे तरंगलांबी सुमारे १२ सेंटिमीटर. या लहरींना पाऊस आणि धूळ फारशी अडवत नाहीत. मण्याभोवतीची तबकडी १०० मीटरची असली तरी सोलापुरात पोचेपर्यंत झोत जवळजवळ १२० मीटर रुंद होतो. तो झेलायला पावणेतीन एकर जागा लागेल. त्यावर लहरी झेलणाऱ्या छोट्या अँटेना आणि त्या लहरींची पुन्हा वीज करणारे डायोड यांची जाळी उभारायची. जाळीतून ऊन खाली येतं, तेव्हा खाली रंगवलेलं सूत वाळत घातलेलं दाखवा. हे चित्र आम्हाला फार आवडेल.

आता गळती. विजेच्या लहरी करताना शंभरातले सत्तर हाती लागतात, जाळीवर त्यातले चौऱ्याऐंशी टक्के पडतात आणि त्यांची पुन्हा वीज होताना ऐंशी टक्के उरते. मागांना ३० किलोवॅट हवेत तर डोंगरावर सुमारे ६४ खर्ची पडतात. त्यातले १९ मण्यापाशीच उष्णता होऊन जातात, ७ जाळीबाहेर सांडतात, साडेसात जाळीत तापतात. म्हणून मण्याजवळ पाण्याची सोय लागेल. मे महिन्यात तर तो राखणारा माणूस हैराण झालेला असेल.

झोतात सापडून पक्षी भाजले, असा प्रसंग मात्र घालू नका. ४५ किलोवॅट १०० मीटरच्या तबकडीवर पसरले की चौरस मीटरला सहा वॅटही येत नाहीत. भर दुपारचं ऊन हजाराच्या घरात असतं. इथे एक चाणाक्ष वाचक तुम्हाला गाठेल: तेवढ्याच जागेत सौर पॅनेल का नाही लावले? त्याचं उत्तर कथेत आधीच पेरून ठेवा. रात्रपाळी हे उत्तम उत्तर आहे.

सगळ्यात नाजूक काम नेम धरण्याचं. नेम एक अंश हलला तर झोत सातशे मीटर बाजूला पडतो. अंशाच्या बाराव्या भागाने हलला तरी अर्धा झोत गेला. म्हणून खरी पद्धत अशी: जाळीच्या मध्यातून एक बारीक खुणेचा संकेत सतत डोंगराकडे जातो आणि तबकडी त्यावरून आपला झोत जुळवते. संकेत तुटला की झोत आपोआप विस्कटतो. खलनायकाला मणी चोरायची गरजच नाही, हा संकेत बंद पाडला तरी पुरे.

आणखी एक गोष्ट बहुतेक लेखक विसरतात. बाणा म्हणजे कापडातला आडवा धागा तुटला की एक माग थांबतो, त्याने काही बिघडत नाही. पण चाळीसही एकदम थांबले तर येणारे ३० किलोवॅट जाणार कुठे? विजेचा दाब (व्होल्टेज) चढतो आणि डायोड जळतात. कारखान्यामागे हजार लिटरची पाण्याची टाकी ठेवा आणि जादा वीज तिच्यात वळवा. दहा मिनिटांत पाणी चार अंशांनी तापेल.

प्रश्न (एक वाचिका, जुळे सोलापूर): सोलापूरच्या सिद्धेश्वर यात्रेतल्या अडुसष्ट लिंगांच्या प्रदक्षिणेवरून मला ६८ ठाण्यांची साखळी सुचली. प्रत्येक ठाणं ऊर्जा झेलून पुढे देतं. जमेल?

उत्तर: जमेल, पण ठाणी फार चोख हवीत. प्रत्येक ठाण्यावर फक्त दहा टक्के गळाले तरी ६८ टप्प्यांनंतर हजारात एक भागही उरत नाही: ३० किलोवॅट सोडले तर शेवटी २३ वॅट, म्हणजे जेमतेम दोन एलईडी दिवे. एकच टक्का गळाला तर निम्मी ऊर्जा पोचते. एखादं ठाणं राखणाऱ्याच्या हयगयीने सगळी साखळी कशी बसते, ते यावर छान रंगवता येईल.

प्रश्न (एक विद्यार्थी, पंढरपूर): टेस्लाने अशी यंत्रणा खरंच चालवली होती का?

उत्तर: नाही. न्यूयॉर्कजवळ लाँग आयलंडवर वॉर्डनक्लिफचा मनोरा १९०१ मध्ये उभारायला घेतला, पैसा आटला, आणि १९१७ मध्ये तो पाडला. त्यातून दूरवर वीज कधीच गेली नाही.

प्रश्न (पहिलेच वाचक): मग तार ओढली असती तर?

उत्तर: ३० चौरस मिलिमीटरच्या ॲल्युमिनियम तारेला किलोमीटरला ०.९ ओहम रोध धरला, तर ४० किलोमीटरला ३६ ओहम. तीन तारांच्या (थ्री-फेज) जोडणीत ४०० व्होल्टवर ५१ अँपिअर लागतील आणि दाब वाटेतच संपेल. तीच वीज ११,००० व्होल्टवर चढवली की प्रवाह दोन अँपिअरच्या आत येतो आणि तिन्ही तारांत मिळून पावणेचारशे वॅट जातात. दाब चढवायचा तो यासाठी. ३१ डिसेंबर २०१३ ला रायचूर-सोलापूर वाहिनीने दक्षिणेचं वीजजाळं उरलेल्या देशाशी जोडलं, ते ७,६५,००० व्होल्टवर. तेजमण्याच्या कथेत एखादा म्हातारा लाइनमन हे सांगणारा असू द्या.